आरोपीस, सप्रेम नमस्कार

मुलुंड पूर्व
९ सप्टेंबर २०२५

प्रिय विमला,

मिहिरने मला तुला फोन करायला बंदी केली आहे. व्हॉट्सअॅपवर काही लिहायचं नाही, त्याचे म्हणे स्क्रीनशॉट निघतात आणि ते केसला लागतात. मरोळला तर पाऊलसुद्धा टाकायचं नाही. पत्राबद्दल मात्र तो काही बोलला नाही. माझ्या मुलाच्या जगात पत्र फक्त बँकेकडून येतं. तेव्हा घरातला एकही नियम न मोडता मी हे लिहिते आहे.

आधी कडू ते सांगून टाकते. पोलिसांत तुझ्याविरुद्ध अर्ज गेला आहे. लिहिला मिहिरने, पण सही माझी आहे, आणि ती मी वाचून केली आहे. वाचता वाचता दोन ठिकाणी वाक्यरचनाही सुधारली. 'सदर महिलेने सुरुवातीपासूनच फसवणुकीच्या उद्देशाने' हे वाक्य त्याने फारच लांबवलं होतं. तीस वर्षं मुलांचे पेपर तपासले की हात थांबत नाही.

तूच सांग, मी काय करायचं होतं? पाडव्याला तू तुझ्या सासूबाईंचा ब्लॉक, तुझ्या शेजारचा तीनशे तीन नंबर, मला द्यायचं कबूल केलंस. टोकन घेतलंस, मला श्रीखंड वाढलंस. त्यानंतर मे महिन्यात म्हणालीस, सोसायटीचं ना-हरकत पत्र यायचं आहे. जूनमध्ये गळती. मग आषाढ. मग सेक्रेटरी लेकीकडे दुबईला गेले. विमला, त्याच आठवड्यात मिहिरला तुमचे सेक्रेटरी मरोळच्या मासळी बाजारात सुरमईचा भाव पाडताना भेटले. दुबई असं कुठे असतं का गं?

आठवीत शिवणाच्या तासाला आपण ठरवलं होतं, म्हातारपण भिंतीला भिंत लावून काढायचं. मिहिर आणि सई दिवाळीनंतर बंगलोरला जाणार. हा भाड्याचा फ्लॅट सुटणार. माझ्या डोळ्यांसमोर एकच घर होतं. आता मेट्रोमुळे तिकडचे भाव चढलेत, तेव्हा दुसरं गिऱ्हाईक आलं असेल तर तसं स्पष्ट सांग. मी रडेन, पण समजेन.

तुझी
(अर्जात 'तक्रारदार' असं म्हटलेली)
क्षमा


मरोळ, अंधेरी पूर्व
१३ सप्टेंबर २०२५

सौजन्यमूर्ती तक्रारदार बाईंस,

पत्र पोचलं. त्याच्या आदल्या दिवशी हवालदारही पोचला. शेजारच्या फर्नांडिसबाई जिन्यात उभ्याच होत्या. त्यांना वाटलं, पासपोर्टची चौकशी आहे. "विमला, कुठे चाललीस? कॅनडाला?" मी म्हटलं, "अजून नक्की नाही."

हवालदाराने मला कलम सांगितलं. तीनशे अठरा! मी म्हटलं, अहो, फसवणुकीचं चारशे वीस ना? तो म्हणाला, नवीन कायद्यात बदललं. बघ माझं नशीब. सगळं आयुष्य सरळ चालले, एकदा कुठे चारसोबीस व्हायची वेळ आली, तर तेही राहिलं नाही. तीनशे अठरा म्हटलं तर भाजीवालासुद्धा घाबरणार नाही.

आमचे मधुकर नेहमीसारखे पेपरमागे होते. हवालदार गेल्यावर पेपर खाली करून एवढंच म्हणाले, "तुझी मैत्रीण सही फार सुंदर करते." कॉन्व्हेंटात सिस्टर बर्नाडेटनी तुला घोटून दिलेलं ते वळण, माझ्याविरुद्ध कामी आलं.

क्षमा, दुसरं गिऱ्हाईक नाही. तुझ्या टोकनला मी हातसुद्धा लावलेला नाही. उशिराला कारण आहे, ते मला तुला सांगता येत नाही. तुलाच सांगता येत नाही. दुसरी कोणी असती तर केव्हाच सांगितलं असतं. ह्याच्यापुढे विचारू नकोस.

आणि तुझं पुरणयंत्र होळीपासून माझ्याकडे आहे. तेही अर्जात घालायचं असेल तर मिहिरला सांग. पुरवणी तक्रार का काय ती करता येत असेल.

विमला


मुलुंड पूर्व
१७ सप्टेंबर २०२५

विमला,

पुरणयंत्र ठेव तुझ्याकडे. माझ्या हातचं पुरण कोण खातं?

माझी थट्टेची वेळ संपली आहे. शनिवारी तुला जबाबाला बोलावलंय, हे मला मिहिरकडून कळलं. मला खरंच वाटलं होतं, पोलीस एक फोन करतील, तू चिडशील, मला फोन करून शिव्या घालशील आणि त्या शिव्यांच्या ओघात खरं काय ते बाहेर पडेल. आपलं आजवर असंच चालत आलंय. अर्जाला एवढे पाय फुटतात हे मला कुठे माहीत होतं?

काल मिहिरला म्हटलं, अर्ज मागे घेऊ या. तर मला त्याने बसवून समजावलं, मी त्याला भागाकार शिकवायची त्या आवाजात. "आई, नुसता उशीर झाला असता तर आपण दिवाणी कोर्टात गेलो असतो. पण मावशीने एकामागून एक खोटी कारणं दिली. खोटं कोण बोलतं? ज्याला पहिल्यापासून द्यायचंच नसतं तो." तो चुकीचा नाही गं, म्हणून तर भीती वाटते. तुझा उशीर तुला नडला नाही, तुझं दुबई तुला नडलं. आणि त्यावरून उद्या तुझ्यावर गुन्हा दाखल झाला, अटकेचं वगैरे निघालं, तर त्या कागदावर सही माझी असेल.

तेव्हा मला सांगू नकोस, पण तिथे साहेबांना तरी खरं सांग. आठव, शाळेत फुटलेल्या ग्लोबच्या वेळी तू गप्प राहिलीस आणि दोघींनाही व्हरांड्यात गुडघ्यांवर उभं राहावं लागलं होतं. आता माझे गुडघे ते सोसणारे नाहीत.

शनिवारी निळी साडी नेस. तीत तू अगदी निरपराध दिसतेस.

क्षमा


मरोळ
२२ सप्टेंबर २०२५

क्षमा,

आज घट बसले. वर्षाचा चांगला दिवस आहे, खोटं लिहिणार नाही.

शनिवारी निळी साडी नेसून गेले. सोबत मधुकर आणि त्यांचा पेपर. फौजदार धुरी म्हणून आहेत, मिहिरपेक्षा थोडे मोठे असतील. समोर तुझा अर्ज. त्यांनी कारणं एकेक वाचून दाखवली आणि विचारलं, "ह्यातलं खरं कुठलं?" मी म्हटलं, "एकही नाही." मधुकरांनी पेपर खाली ठेवला. तिथे मी सांगितलं ते आता तुला सांगते.

तो ब्लॉक सासूबाईंच्या मागे माझ्या नावावर आला, पण आमचा गणपती तिथे बसतो. सासऱ्यांनी मिलमध्ये असताना घेतलेली जागा. चाळीस वर्षं आमच्या सगळ्या भाऊबंदांचा गणपती तिथेच. ती विकायची तर गावच्या रवळनाथाचा कौल घ्यायला हवा, असं माझे दीर काशीराम म्हणाले. मला वाटलं, रीत आहे, होऊन जाईल. टोकन घेतलं तेव्हा मनात शंकासुद्धा नव्हती. मे महिन्यात गावी गेलो. गुरवाने देवाच्या पाषाणाला ओल्या पाकळ्या लावल्या. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. डावी पडली. जूनमध्ये काशीरामांनी पुन्हा विचारलं, डावी. गणपतीआधी एकदा, तेव्हाही डावी.

हे तुला कसं सांगायचं होतं? तू भौतिकशास्त्राची बाई. तू म्हणाली असतीस, विमले, पाकळी गुरुत्वाकर्षणाने पडते, तिला तुझा ब्लॉक माहीत नसतो. आणि मग मी तुला काय उत्तर दिलं असतं? मला देवाचं मोडवत नव्हतं आणि तुझं हसणं सोसवणार नव्हतं. म्हणून सेक्रेटरींना दुबईला पाठवलं.

धुरीसाहेबांनी पेन ठेवलं आणि ते मालवणीतच म्हणाले, "वैनी, कौलच नाय गावलो तर तुमी तरी काय करतलात?" ते कणकवलीकडचे निघाले. त्यांच्या चुलत्याची विहीर अशीच कौलासाठी अडकली आहे.

पण लगेच ते साहेब झाले. म्हणाले, "हे बघा, उशीर हा गुन्हा नाही. पैसे घेताना तुमच्या मनात लबाडी होती का, मी एवढंच बघतो. देवाने नाही म्हटलं ते पैसे घेतल्यानंतर. मग सुरुवातीपासूनचा हेतू कुठे राहिला? पण तुमची ही कारणं वाचून कोणालाही तसंच वाटेल. पहिल्याच दिवशी खरं सांगितलं असतंत तर फिर्यादी माझ्याकडे आल्याच नसत्या." जबाबात त्यांनी 'कौटुंबिक व धार्मिक कारणास्तव विलंब' असं घातलं. अर्ज अजून त्यांच्याकडे आहे. म्हणाले, दसऱ्यानंतर दोघींनी येऊन काय ते सांगा. जागा देणार किंवा पैसे परत, ह्यातलं एक ठरलं नाही तर मला पुढे जावं लागेल.

टोकन परत करायला मी केव्हाही तयार आहे. पण तुला परत काय करू? मला ते पैसे नको आहेत, मला तू शेजारी हवी आहेस. दसऱ्याला काशीराम शेवटचं विचारणार. डावी पडली तर विषय संपला.

आता हस.

विमला


मुलुंड पूर्व
२५ सप्टेंबर २०२५

विमले,

मी हसले नाही. निदान तू समजतेस त्या कारणासाठी तरी नाही.

तुझं पत्र मी आधी उभ्याने वाचलं, मग बसून वाचलं, मग सईला वाचून दाखवलं. सूनबाई पुण्याची, तिला कौल म्हणजे फक्त छपरावरचं माहीत. तिने एकच प्रश्न विचारला, "आई, पण देवाला नेमकं विचारतात काय?" मला सुचलंच नव्हतं. शेवटी लाज सोडून तुझ्या घरी लँडलाइनवर फोन केला. नियम तुला फोन न करण्याचा आहे, मधुकरभावोजींना नाही. त्यांनी सांगितलं, गुरव गाऱ्हाणं, म्हणजे देवाला विनवणी, घालतो आणि काशीरामभावोजी विचारतात, "म्हाराजा, मुंबैचा घर परक्याक देवचा तुझ्या मनात आसा काय?"

परक्याक?

विमला, परक्याक?

शिवणाच्या डब्यातून ज्या बाईने तुला चिठ्ठ्या पाठवल्या, वर्गात मराठी बोललं की दंड व्हायचा म्हणून आपण कागदावर मराठी बोललो, तुझ्या बाळंतपणात जिने तुझ्या सासूबाईंचं मेथीच्या लाडवांचं शास्त्र ऐकून घेतलं, ती परकी? तीन वेळा तुम्ही देवासमोर मला परकी म्हटलंत आणि त्याने तीन वेळा नाही म्हटलं. मग चुकलं कुठे त्याचं? मला विचारलं असतंत तर मीही नाहीच म्हटलं असतं. घर परक्याला कशाला द्यायचं?

मी आयुष्यभर पेपर काढले. सगळ्या वर्गाचं उत्तर एकाच जागी चुकलं तर आम्ही मुलांना नापास करत नाही, प्रश्न तपासतो. तुमच्या रवळनाथाने पेपर बरोबर सोडवलाय. प्रश्न काढणाऱ्याला माझ्याकडे पाठव.

पाकळी कशाने पडते ते मला माहीत आहे. ती पडेपर्यंत पाचजण जमून काय बोलतात, ते मात्र पुस्तकात नव्हतं.

आता ऐक. मिहिरचा ह्यावर विश्वास नाही. तो म्हणतो, मावशीने दुबईनंतर आता देव काढला. त्याला प्रत्यक्ष पाहणी करायची आहे. दसऱ्याला सुट्टी आहे, तो गाडीने तुम्हा दोघांना गावी घेऊन जाईल. तक्रारदाराचा मुलगा आरोपीला देवदर्शनाला नेतोय, ह्याला कुठलं कलम लागतं ते धुरीसाहेबांना विचारून ठेव.

त्याला घाटात उलटी होते. आल्याच्या वड्या जवळ ठेव. मागणार नाही, द्याव्या लागतील.

क्षमा


मुक्काम गाव, कुडाळजवळ
३ ऑक्टोबर २०२५

प्रिय क्षमा,

वड्या लागल्या. दोनदा. पहिल्यांदा "नको मावशी, मी ठीक आहे" म्हणाला. दुसऱ्यांदा काही म्हणाला नाही, नुसता हात पुढे केला.

तुझा मुलगा पाहणीच्या पूर्ण तयारीने आला होता. आल्या आल्या काशीरामांना विचारलं, "कौलाची काही नोंद ठेवता का? व्हिडिओ वगैरे?" काशीरामांनी त्याला नारळाचं पाणी दिलं. दुपारी त्याने पुन्हा विचारलं, पुन्हा पाणी दिलं. संध्याकाळपर्यंत त्याने विचारणं सोडलं.

काल सकाळी देवळात गेलो. मोबाइल बाहेर ठेवायला लावला तेव्हा तो कासावीस झाला. मग खांबाला टेकून, हाताची घडी घालून, अगदी ऑडिटरसारखा उभा राहिला. तुझं 'प्रश्न तपासा' मी काशीरामांना वाचून दाखवलं होतं. त्यांना ते मुळीच पटलं नव्हतं. म्हणाले, "वैनी, रक्ताची नाय ती परकीच. देवाक फसवचा नाय." बोलायला तोंडच नव्हतं, फसवणुकीच्या चौकशीतली बाई मी.

गुरव पाकळ्या भिजवायला लागला आणि मला घेरी आली. उपास, प्रवास, भीती, सगळं एकदम. मी खांबाकडे कलले. मिहिर धावला. "मावशी! मावशी, इकडे बघ! अहो, पाणी आणा कोणीतरी, माझी मावशी आहे ती!" असा ओरडला की ढोलवाला थांबला. मला मांडीवर घेऊन वारा घालत बसला. आणि क्षमा, त्याच्या खिशातून एक आल्याची वडी निघाली. घाटात घेतलेली, त्याने जपून ठेवलेली. ती त्याने मला भरवली.

काशीराम हे सगळं पाहत उभे होते. मी सावरून बसल्यावर गुरवाने विचारलं, "गाऱ्हाणा तसाच घालू?" काशीरामांनी एकदा मिहिरकडे बघितलं. मग म्हणाले, "नाय. असा म्हण. म्हाराजा, आमची वैनी मुंबैचा घर आपल्या भयणीक देता. तुझ्या मनात आसा तर उजवो कौल दी." बहिणीला, क्षमा. परक्याला नाही.

सगळे म्हणाले, "व्हय म्हाराजा!" सगळ्यांत मोठा आवाज कोणाचा, ते तू ओळखशील. हाताची घडी केव्हा सुटली आणि हात केव्हा जोडले गेले, त्याला विचार. तो नाही म्हणेल. मी साक्षीदार आहे.

पाकळी लगेच पडत नाही गं. तू असतीस तर तुला आवडलं असतं. अख्खं देऊळ श्वास धरून एका ओल्या पाकळीकडे बघतं.

उजवी.

पण देवाने अट घातली आहे. म्हणजे काशीरामांनी विचारलं आणि देवाने उजव्याने होकार दिला. गणपती त्याच ब्लॉकमध्ये बसणार, दर वर्षी, आमच्या सगळ्या भाऊबंदांसकट. घरमालकीण तू. आम्ही चाळीस माणसं येतो, आणि आमच्यातलं कोणी लवकर जात नाही. विचार करून कळव.

विमला


मुलुंड पूर्व
९ ऑक्टोबर २०२५

प्रिय विमला,

विचार केला. श्रीखंड वाढण्यापूर्वी हे सांगितलं असतंस तरी मी हो म्हटलं असतं, आणि पोलिसांचा वेळ वाचला असता.

काल आपण दोघी धुरीसाहेबांसमोर शेजारी शेजारी बसलो ते मला फार आवडलं. मुख्याध्यापिकेच्या खोलीबाहेर बसायचो तसंच वाटलं. फक्त ह्या वेळी बोलणी खाल्ली ती मी. "बाई, पुन्हा मैत्रिणीवर रागावलात तर वाण्याकडे भांडा, आमच्याकडे नको." अर्ज मागे घेतल्याची सही मी घाईघाईने केली. वळण बिघडलं. सिस्टर बर्नाडेटनी त्या सहीचे मार्क कापले असते, पण माझी सगळ्यांत चांगली सही तीच.

मिहिर खरेदीखताचा मसुदा करतो आहे. गणपतीची अट कुठल्या शीर्षकाखाली घालायची, ह्यावर त्याने दोन रात्री घालवल्या. जागेवरचा 'भार' म्हणायचं त्याला पटेना. शेवटी काय लिहिलंय ते विचारलं तर दाखवेना. मी चोरून बघितलं. 'सदर सदनिकेत दर वर्षी श्रीगणेशाचे वास्तव्य राहील व त्यास खरेदीदार, विक्रेता व त्यांचा भाचा मिहिर हे जबाबदार राहतील.' कायद्यात बसतं की नाही देव जाणे. वाक्यरचना मी सुधारली नाही.

त्याने माझ्यावरची फोनबंदीही उठवली आहे. पण आता सवय लागली. फोनवर तू मला मध्येच तोडतेस.

एकच सांग, चाळीस माणसांचे मोदक कोण करणार?

क्षमा


तीनशे दोन, मरोळ
२८ नोव्हेंबर २०२५

क्षमा,

तुला पोस्टाने पत्र पाठवायला आता पोस्टमनलाच माझ्या दारातून तुझ्या दारात जावं लागेल, म्हणून ही चिठ्ठी दाराखालून सरकवते. तू झोपली आहेस. भिंतीतून तुझं घोरणं ऐकू येतं. ह्याबद्दल खरेदीखतात काही नव्हतं.

पुढच्या गणपतीला मोदक मी करीन. तू आरती म्हण. फक्त कॉन्व्हेंटच्या प्रार्थनेसारखी हळू आवाजात नको, आमच्याकडे ओरडावं लागतं. मिहिरला आधी बोलाव, त्याला जमतं. धुरीसाहेबांनीही दर्शनाला येतो म्हणून कळवलंय, साध्या कपड्यांत. फर्नांडिसबाईंना हवालदाराचं खरं कारण अजून सांगितलेलं नाही. त्या मला कॅनडाबद्दल विचारत असतात.

तुझं पुरणयंत्र ओट्यावर ठेवलंय, घासून. आता आपल्यातला सगळा व्यवहार पुरा झाला.

सकाळी तू बाजारात गेली होतीस तेव्हा तुझ्या नावाची पाटी लावायला माणूस आला. पाटी छान आहे, मधुकरांनी पेपर ठेवून ती सरळ धरली. चार खिळे मारून झाल्यावर तो माणूस मला म्हणाला, "ह्या बाई तुमच्या कोण?"

मी म्हटलं, "फिर्यादी."

विमला